लहान मुलांच्या भावविश्वावर लघुपटाची पटकथा लिहिताना

लहान मुलांच्या भावनांवर प्रथमच लिहिलेल्या पटकथांमध्ये एक प्रसंग हमखास आढळतो : मूल खिडकीशी बसलेले असते, त्याची नजर दूर कुठेतरी लागलेली असते आणि उरलेले सगळे पार्श्वसंगीताने सांगावे अशी लेखकाची अपेक्षा असते. मूल दुःखी आहे हे लेखकाला ठाऊक असते, प्रेक्षकालाही ते कळते; मात्र त्या क्षणी त्या मुलाच्या डोक्यात नेमके काय चालले आहे, याचा पत्ता दोघांनाही नसतो. दुःख ही अवस्था आहे. तिचे चित्रीकरण करता येते, पण तेवढ्यावर तिची गोष्ट होत नाही. म्हणून भावनेला हात घालण्याआधी त्या मुलाची समजूत ठरवावी. घडलेल्या घटनेचा त्याने स्वतःपुरता लावलेला अर्थ, मग तो मोठ्यांच्या दृष्टीने कितीही चुकीचा असो, एका वाक्यात लिहून काढावा आणि पटकथा पूर्ण होईपर्यंत ते वाक्य समोर ठेवावे.

'आई रुग्णालयात आहे म्हणून मुलगी उदास आहे' या वाक्यातून एकही प्रसंग निघत नाही. 'आपण दार जोरात आपटले, त्या आवाजाने आईचे डोके दुखू लागले आणि म्हणून तिला रुग्णालयात न्यावे लागले, अशी मुलीची समजूत आहे' या वाक्यातून मात्र प्रसंगामागून प्रसंग सुचू लागतात. ही मुलगी घरातले प्रत्येक दार दोन्ही हातांनी धरून, श्वास रोखून लोटेल. कपाटाच्या फटीत घडी केलेला रुमाल अडकवून ठेवील. बाबांच्या हातून दार आपटले, तर आधी आईच्या रिकाम्या पलंगाकडे पाहील. आपल्याला अपराधी वाटते असे तिने एकदाही म्हणण्याची गरज उरत नाही. आईवडिलांचे भांडण, त्यांचे विभक्त होणे किंवा घरातला मृत्यू यांना आपणच कारणीभूत आहोत असे लहान मुलांना वाटू शकते, हे मुलांसोबत काम करणाऱ्या समुपदेशकांच्या चांगल्या परिचयाचे आहे. त्यातून पटकथाकाराच्या हाती येते ती चुकीच्या कारणावर उभी असलेली, पण त्या कारणाशी अत्यंत प्रामाणिक अशी कृती. आणि कॅमेऱ्याला कृतीच लागते.

वय ठरल्याशिवाय पुढे जाऊ नये

'एक लहान मुलगा' असे पात्राचे वर्णन करून लिहायला बसणे, हे या प्रकारातील सर्वांत महागात पडणारे दुर्लक्ष आहे. चार वर्षांचा आणि आठ वर्षांचा मुलगा यांच्या मनोव्यापारांत इतके अंतर असते की एकासाठी लिहिलेला प्रसंग दुसऱ्याच्या तोंडी अथवा अंगी बसत नाही. या बाबतीत विकासात्मक मानसशास्त्राने पटकथाकाराचे बरेच काम आधीच करून ठेवले आहे.

हाइन्झ विमर आणि योझेफ पेर्नर यांनी १९८३ साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात मुलांना एक छोटी गोष्ट सांगितली जात असे. मुलगा चॉकलेट एका कपाटात ठेवून बाहेर जातो, त्याच्या माघारी आई ते दुसऱ्या कपाटात ठेवते. आता परत आल्यावर तो ते कुठे शोधील? अगदी लहान मुले चॉकलेट जिथे खरोखर आहे तेच कपाट दाखवतात, कारण जे आपल्याला ठाऊक आहे ते त्या मुलाला ठाऊक नसेल ही कल्पना त्यांना अजून पेलत नाही; साधारण चार वर्षांच्या आगेमागे हे चित्र बदलू लागते. पटकथेच्या भाषेत याचा अर्थ असा, की तीन वर्षांच्या मुलाकडून मुरलेला कट, सूचक मौन किंवा दुसऱ्याला चकवण्यासाठी रचलेली लांबलचक थाप लिहू नये. तो लपेल तेव्हा पडद्यामागे लपेल आणि पाय बाहेरच राहतील. सात वर्षांची मुलगी मात्र कोणाला काय माहीत आहे, कोणाला काय कळता कामा नये, याचा हिशेब मनात ठेवू शकते, आणि लघुपटाला लागणारा ताण याच हिशेबातून तयार होतो.

चेहऱ्यामागे भावना लपवण्याची कलाही वयानुसार येते. मानसशास्त्रज्ञ कॅरोलिन सार्नी यांनी १९८४ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात सहा ते दहा वर्षांच्या मुलांना एका कामाबद्दल बक्षीस म्हणून मुद्दाम अगदी तान्ह्या बाळाचे खेळणे देण्यात आले होते. लहान मुलांचा, विशेषतः मुलग्यांचा, हिरमोड चेहऱ्यावर सरळ दिसला. मोठ्या मुलांनी, त्यातही मुलींनी, हसून वेळ निभावून नेली. मधल्या वयातल्या मुलांची मात्र धड नाराजीही नाही आणि धड हसूही नाही, अशी चुळबूळ झाली. पटकथाकाराने खरे तर या मधल्या मुलांकडे पाहावे. नको असलेली भेट हातात घेऊन ती उलटीसुलटी करत राहणारा, देणाऱ्याकडे न पाहता खेळण्याच्या तळाशी चिकटवलेला कागद नखाने खरवडणारा मुलगा ज्याने लिहिला, त्याला संवादाची एकही ओळ खर्चावी लागत नाही.

मृत्यूविषयी लिहिणाऱ्याने आणखी काळजी घ्यावी. मृत्यू परत फिरवता येत नाही आणि तो सर्वांना येतो, या गोष्टी शाळापूर्व वयातल्या मुलांना एकदम कळत नाहीत. बहुतेकांना त्या पाच ते सात वर्षांच्या दरम्यान टप्प्याटप्प्याने उमगतात. त्यामुळे चार वर्षांच्या मुलीने आजोबांच्या फोटोसमोर मूकपणे अश्रू ढाळणे हे मोठ्यांचे दृश्य होते. ती बहुधा आजोबा परत कधी येणार हे विचारील, उत्तर ऐकील, खेळायला जाईल आणि दुसऱ्या दिवशी तोच प्रश्न तितक्याच सहजतेने पुन्हा विचारील. त्या दुसऱ्या वेळी उत्तर देणाऱ्या माणसाच्या चेहऱ्यावर प्रसंग उभा राहतो. त्याचप्रमाणे एकाच वेळी आनंदही होतो आहे आणि वाईटही वाटते आहे, असे ओळखून सांगणे साधारणपणे सात-आठ वर्षांआधीच्या मुलांना जड जाते. मिश्र भावना दाखवायच्याच असतील, तर लहान वयासाठी त्या एकामागून एक, मधला सांधा न जुळवता लिहाव्यात.

एक गोष्ट उकलून पाहू

लघुपटाची लांबी किती असावी, याचे उत्तर स्पर्धेगणिक बदलते. ऑस्कर पुरस्कारांच्या नियमांनुसार श्रेयनामावलीसह ४० मिनिटांपर्यंतचा चित्रपट लघुपट ठरतो. परंतु एका मुलाची एक समजूत पेलण्यासाठी दहा-बारा मिनिटे पुष्कळ होतात. पटकथेचे एक पान म्हणजे पडद्यावरचे सुमारे एक मिनिट, हा प्रचलित अंदाज इथे थोडा फसवा ठरतो, कारण मुलांचे प्रसंग कमी शब्दांचे आणि जास्त कृतींचे असतात, आणि 'तो बुटाची नाडी बांधतो' ही अर्ध्या ओळीची कृती सहा वर्षांचे मूल पाऊण मिनिट करू शकते. आठ पाने लिहून दहा-अकरा मिनिटांचा हिशेब धरणे शहाणपणाचे.

उदाहरणादाखल एक कथाबीज घेऊ. आठ वर्षांच्या ईशानने वर्गात सांगितले आहे की त्याच्या घरी मोती नावाचा कुत्रा आहे. घरी कुत्रा नाही. शनिवारी वर्गमित्र मिहीर मोतीला पाहायला येणार आहे. समजुतीचे वाक्य असे : 'कुत्रा नसेल, तर माझ्या घरी यावे असे कुणालाही वाटणार नाही.' येथे लगेच एक मोह होतो, तो म्हणजे ईशानने थाप का मारली याचा खुलासा करण्याचा. त्यासाठी वर्गातला प्रसंग, मुलांचे हसणे, एकटा डबा खाणारा ईशान अशी तीन पाने सहज खर्ची पडतात. ती टाळावीत. थाप आधीच मारून झालेली आहे आणि शनिवारची सकाळ उजाडली आहे, इथून सुरुवात केली तर प्रेक्षक ईशानच्या मागे धावत सुटतो आणि कारण त्याला वाटेत आपसूक कळते.

आता कृती लिहू. कच्च्या खर्ड्यात बहुधा असे लिहिलेले असते :

'ईशान खूप घाबरलेला आहे. मिहीरला खरे कळले तर काय होईल, या विचाराने तो अस्वस्थ होऊन येरझाऱ्या घालतो.'

हेच असे लिहिता येते :

'ईशान दाराशी वाडगे ठेवतो. त्यात पाणी ओततो. मागे सरकून पाहतो. पुन्हा पुढे येतो आणि थोडे पाणी मुद्दाम फरशीवर सांडतो.'

सांडलेल्या त्या पाण्यात ईशानची भीती तर आहेच, शिवाय त्याची हुशारी आहे, कुत्रा पाणी कसे पितो याचे त्याने कुठेतरी मन लावून केलेले निरीक्षण आहे आणि हे सगळे पटावे म्हणून चाललेली त्याची केविलवाणी धडपडही आहे. प्रेक्षक त्याला आधी हसतो आणि मग त्या हसण्याचे त्यालाच थोडे ओशाळे वाटते. पुढची पायरी म्हणून ईशान काट्याच्या चमच्याने दाराच्या खालच्या बाजूला ओरखडे काढतो. आता मात्र थाप शब्दांपुरती राहिलेली नाही. घराच्या वस्तूवर तिची खूण उमटली आहे आणि ती पुसता येणार नाही. लघुपटाच्या मध्याच्या सुमारास अशी एक न पुसता येणारी गोष्ट घडली की उत्तरार्धाला बळ येते.

मिहीर येतो. संवाद शक्य तितका कोरडा ठेवावा :

'मोती कुठंय?'
'बाबांबरोबर फिरायला गेलाय.'

आणि त्याच वेळी आतल्या खोलीतून बाबा वर्तमानपत्र हातात घेऊन बाहेर येतात, मिहीरला 'अरे वा, ये ये' म्हणतात आणि पाणी प्यायला निघून जातात. पटकथेत येथे 'ईशानचा चेहरा पडतो' असे लिहू नये, कारण तो पडणारच आहे. मिहीर काय करतो ते लिहावे. मिहीर बाबांकडे पाहतो, वाडग्याकडे पाहतो आणि काहीच बोलत नाही. या न बोलण्यावर पुढची तीन मिनिटे चालतात : दोघे खेळतात, पण ईशानचे लक्ष सतत मिहीरकडे, आणि मिहीर खेळात खरोखर रमलेला.

शेवट निवडताना समजुतीच्या वाक्याचे काय होते, एवढेच पाहावे. आईने खोटे बोलण्यावर समजावून सांगितले, तर ईशानला नियम कळतो, पण समजूत होती तिथेच राहते. आईवडिलांनी खरोखर कुत्रा आणून दिला, तर ती चुकीची समजूत खरीच ठरते, आणि लेखकाच्या हे लक्षातही येत नाही. माझ्या मते येथे शेवट मिहीरच्या हाती द्यावा. जाताना तो दाराशी थांबतो, वाडग्यात पाणी कमी झालेले पाहून भांड्यातले थोडे पाणी त्यात ओततो आणि विचारतो, 'पुढच्या शनिवारी येऊ?' त्याला खरे कळले आहे की नाही, हे पटकथेने सांगू नये. दिग्दर्शकाने विचारले तर सांगावे. बालकलाकाराला मात्र नक्की सांगावे, कारण मुलांना संदिग्धता खेळता येत नाही, निश्चित गोष्ट लपवणे खेळता येते.

मुलांच्या तोंडचे संवाद

भावनेचे नाव घेणारे मूल पडद्यावर क्वचितच खरे वाटते. 'मला एकटं वाटतं' हे वाक्य लिहून झाले की ते खोडून, त्याच्या जागी त्याच मुलाने केलेली एखादी शारीरिक तक्रार लिहून पाहावी : मोजे टोचतात, पोट दुखतंय, हा पेला नको तो हवा. मानसिक ताण पोटदुखीच्या रूपाने व्यक्त होणे मुलांमध्ये सर्रास आढळते, त्यामुळे ही केवळ लेखनाची क्लृप्ती राहत नाही. शिवाय अशा तक्रारीला समोरचे मोठे माणूस काहीतरी उत्तर देतेच, आणि ते उत्तर बहुधा मोज्यांविषयी असते. प्रसंगात दोन माणसे दोन वेगळ्या गोष्टींविषयी बोलू लागतात, आणि हे फक्त प्रेक्षकाला कळते.

मुले विषय अचानक बदलतात, एकच प्रश्न पुनःपुन्हा विचारतात, गंभीर बातमी ऐकल्यावर अतिशय व्यावहारिक शंका काढतात. वडील दुसऱ्या घरी राहायला जाणार हे ऐकून 'मग सायकल कुठे ठेवायची?' असे विचारणारा मुलगा कठोर नसतो. त्याच्यापुरते जग सायकल ठेवण्याच्या जागेपासून सुरू होते, एवढेच. बोबडे बोल, पाठ केल्यासारखी चतुर वाक्ये आणि मोठ्यांना शहाणपण शिकवणारी मुले यांना माझा ठाम विरोध आहे. टाळ्या मिळतात, पण त्या लेखकाला मिळतात. मूल त्या क्षणी प्रसंगातून निघून गेलेले असते. व्हॉइसओव्हरमध्ये मोठेपणीच्या स्वतःने बालपणाचा अर्थ सांगणे हाही त्याचाच सभ्य प्रकार आहे.

मोठ्यांचे चेहरे

या पटकथांमधली मोठी माणसे बहुधा एकतर खलनायक असतात किंवा समुपदेशक. दोन्हींचा उपयोग नाही. मानसशास्त्रज्ञ एडवर्ड ट्रॉनिक यांनी १९७० च्या दशकात केलेल्या प्रयोगांत आई काही महिन्यांच्या बाळाशी आधी नेहमीसारखी खेळते आणि मग थोडा वेळ चेहरा निर्विकार ठेवून नुसती बघत राहते. बाळ आधी तिला हसून, हातवारे करून, आवाज काढून परत बोलवण्याचा प्रयत्न करते. काही केल्या चेहरा हलत नाही असे दिसल्यावर ते तोंड फिरवते. कोणीही कोणाला रागावलेले नाही, मारलेले नाही, तरी प्रसंग पाहवत नाही. मोठ्या वयाच्या मुलांसाठी लिहितानाही हेच सूत्र हाताशी ठेवता येते : मोठ्या माणसाला प्रसंगात स्वतःचे एक काम द्यावे, एक काळजी द्यावी, आणि त्याचे लक्ष अर्धे सेकंद उशिरा मुलाकडे वळू द्यावे.

मुलाचा शांत चेहरा कसा लिहावा, याचे सर्वांत चांगले उदाहरण मला कथापटात सापडत नाही. ब्रिटिश मनोविश्लेषक जेम्स रॉबर्टसन यांनी रुग्णालयात आठ दिवस राहिलेल्या दोन वर्षांच्या एका मुलीचे चित्रीकरण केले; तो माहितीपट १९५२ साली पुढे आला. त्या काळी ब्रिटनमधल्या रुग्णालयांत आईवडिलांच्या भेटींवर कडक निर्बंध असत. ही मुलगी फार रडत नाही. ती वयाच्या मानाने विलक्षण संयमाने वागते, आपले टेडी अस्वल धरून असते, मधूनच आईची चौकशी करते आणि पुन्हा चेहरा आवरते. ती आवरते आहे हे दिसते, म्हणूनच पाहणाऱ्याला ते असह्य होते. पुढे रुग्णालयांचे नियम बदलण्यास या चित्रपटाचाही हातभार लागला. भावना जिथे फुटून बाहेर येते तिथपेक्षा ती जिथे आवरली जाते तिथे पटकथेतल्या ओळी खर्च कराव्यात, असे मला त्यावरून वाटते.

चित्रीकरणाचा विचार लेखनातच

बालकलाकाराला 'उदास हो' असे सांगता येत नाही, पण 'या सगळ्या पेन्सिलींना टोक कर आणि तो हाक मारील तेव्हाही थांबू नकोस' असे सांगता येते. म्हणून प्रत्येक प्रसंगात मुलाला हाताने करण्यासारखे एक काम असावे. कॅमेरा कुठे ठेवायचा हे दिग्दर्शक ठरवील, तरी मुलाच्या उंचीवरून काय दिसते हे वर्णनातच आले तर बरे : मोठ्यांचे गुडघे, टेबलाची खालची बाजू, दाराच्या फटीतून दिसणारी पावले. मुलाने न पाहिलेले काहीही शक्यतो पटकथेत नसावे, आणि मोठ्यांचे महत्त्वाचे बोलणे अर्धवट, भिंतीपलीकडून ऐकू यावे.

अनेक देशांत बालकलाकारांच्या कामाच्या तासांवर कायद्याने मर्यादा आहेत आणि त्या योग्यच आहेत. प्रत्येक प्रसंगात मूल, रात्रीची दृश्ये, वारंवार बदलणारी स्थळे अशी पटकथा त्या मर्यादेत बसत नाही. क्रूर प्रसंग असेल तर तो असा लिहावा की मुलाचे आणि मोठ्याचे शॉट वेगवेगळ्या वेळी घेता येतील आणि मुलाला तो अपमान प्रत्यक्ष ऐकावा लागणार नाही. खऱ्या मुलांकडून ऐकलेल्या हकिगती वापरायच्या असतील, तर ओळख पटेल असे सर्व तपशील बदलावेत आणि पालकांची संमती घ्यावी. एखाद्या मुलाने बोलता बोलता छळाविषयी काही सांगितले, तर ते पटकथेचे साहित्य राहत नाही, ते तातडीने जबाबदार व्यक्तीपर्यंत पोहोचवावे लागते.

खर्डा तयार झाल्यावर पात्राच्याच वयाच्या दोन-तीन मुलांकडून तो मोठ्याने वाचून घ्यावा. आवडला का, हे विचारू नये. मुले लेखकाला खूश करणारे उत्तर देतात. त्याऐवजी गोष्ट पुन्हा त्यांच्या शब्दांत सांगायला लावावी आणि ती कुठे वेगळी होते ते टिपून घ्यावे. ज्या ओळीवर सगळीच अडखळतात ती ओळ बहुधा मोठ्या माणसाने लिहिलेली असते. ती बदलण्यापेक्षा काढून टाकून पाहावी. मुलांनी वाचताना नकळत बदललेले शब्द पटकथेत तसेच उतरवून घ्यावेत आणि तालमीत बालकलाकारालाही तशी मुभा असल्याची टीप पहिल्या पानावर लिहून खर्डा दिग्दर्शकाकडे द्यावा.